न पुसलेला दगड

चूक माझी होती, हे आधीच लिहून टाकतो. नाहीतर अप्पांबद्दल लिहिता लिहिता मी स्वतःला हळूच बाजूला काढून घेईन. तशी सवय आहे मला. एका माणसाला मी एक चित्र पुसू नका म्हणून सांगितलं, पंधरा दिवसांत परत येतो असा शब्द दिला आणि दोन वर्षं फिरकलो नाही. ते चित्र त्यांच्या मुलीचं होतं. ते दर वर्षी पुसलं जायचं आणि दर वर्षी पुन्हा काढलं जायचं, एका वर्षानं मोठं करून. पुसलं नाही तर ती मोठी होणार नव्हती. हे मला तेव्हा ठाऊक नव्हतं. पण ठाऊक करून घेण्यासाठी मी एक साधा प्रश्नही विचारला नव्हता, हेही खरं.

अप्पांचं नाव बसप्पा. चाकूरच्या दोन्ही अंगांना मिळून रस्त्याचा अठरा किलोमीटरचा तुकडा त्यांच्याकडे होता. ते मैलकुली होते. खड्डे भरायचे, कडेचं गवत काढायचं, झाडांच्या बुंध्यांना चुन्या-गेरूचे पट्टे मारायचे आणि दर वर्षी दिवाळीच्या आधी किलोमीटरचे दगड रंगवायचे, हे त्यांचं काम. लातूर नवा जिल्हा होऊन थोडीच वर्षं झाली होती. त्या पट्ट्यातल्या दगडांवरचं उस्मानाबाद पुसून तिथं लातूर लिहिलं ते अप्पांनीच. "जिल्हा मोठ्या लोकांनी केला म्हनत्यात," ते सांगायचे, "खरं म्हंजे दगडावर मी केला. तवर एस्टीवाल्यालाबी पटत नव्हतं."

त्यांना लिहिता-वाचता येत नव्हतं. कागदावर आलेला शब्द ते चित्रासारखा उतरवून काढत. 'लातूर' लिहिताना सुरुवात 'तू'च्या उकारापासून करत, कारण तो सगळ्यांत खाली असतो. माणूस काढतानाही तसंच. आधी पाय. "मानूस कुठं उभा हाय ते कळल्याबिगर तोंड काढून काय करायचं?"

हे माणसांचं मला कळलं ते योगायोगानं. मी नांदेडचा. पुण्यात सिनेमा शिकलो होतो आणि माहितीपट करायचे म्हणून वणवण करत होतो. कुठल्या शाळेत न शिकता, कुणी न सांगता, आपल्याच तंद्रीत काही घडवत बसलेली माणसं मला शोधायची होती. मुदखेडला रेल्वेतून निवृत्त झालेले एक गृहस्थ पत्र्याचे पक्षी करतात असं समजलं होतं, म्हणून लातूरहून जीप करून निघालो. बरोबर कॅमेरामन फारूख. पाऊस सलग दुसऱ्या वर्षी गेला होता. चाकूरच्या अलीकडे गाडी तापली. रस्त्याकडेला एक उंच, हाडकुळा माणूस गुडघ्यावर बसून दगडाला चुना देत होता. कपाळावर विभूतीचे तीन पट्टे, गळ्यात लिंग, डोक्याला पांढरा पटका. शेजारी दोन घागरी.

"अप्पा, गाडीला जरा पाणी देता का?" फारूखनं विचारलं.

"गाडीला न्हाई."

"एवढं भरलंय की."

"ही घागर चुन्याची. ती मानसाची. तुमी प्या पोटभर. गाडीला सांगा, दम धर म्हनावं."

आम्ही प्यायलो आणि गाडी निवेपर्यंत सावलीच्या शोधात दगडामागे गेलो. दगडाच्या पाठीवर एक जाडजूड गृहस्थ सायकलवरून पडत होते. गेरूनं काढलेले. धोतर उडालेलं, टोपी हवेत, सायकलचं चाक खड्ड्यात, आणि बांधावर उभा एक कुत्रा जांभई देत होता.

"हे कुणी काढलं?"

"कुनी म्हंजे? हितं मीच तर हाय."

"आणि हे कोण?"

"चाकूरचे कापडवाले शेट. हितंच पडले. सहा वरसं झाली."

त्या दिवशी आम्ही मुदखेडला पोचलोच नाही. अठरा दगड मागून पाहत गेलो. पुढच्या बाजूला अंतर, मागच्या बाजूला अप्पा. रस्त्यावरून जाणाऱ्याला मागची बाजू दिसत नाही, आणि मागून येतो कोण? शेळ्या आणि शेतकरी. नियम एकच होता. त्या दगडापाशी जे घडताना पाहिलं, तेच तिथं काढायचं. एका दगडावर टपावरून गाठोडी फेकणारा कंडक्टर, एकावर वरातीची बैलगाडी, एकावर नुसताच पिल्लांसकट तित्तर. रंग चारच: झाडांचा गेरू, दगडांचा चुना, अंकांचा काळा आणि डबा खरवडून मिळेल तेवढा पिवळा. ब्रश म्हणजे शिंदीच्या फोकाचं ठेचलेलं टोक. ओळखीच्या माणसाला दोन डोळे. अनोळखी माणसाला एकच, कारण "त्यानं मला कुठं नीट बघितलं?"

आणि दर वर्षी चुन्याचा हात फिरला की सगळं जायचं. मग अप्पा दगडाला पाठ टेकून तासभर रस्त्याकडे बघत बसायचे आणि तोच प्रसंग पुन्हा काढायचे. पण सगळे एका वर्षानं म्हातारे. कंडक्टरच्या मिशा पांढऱ्या व्हायच्या. वरातीतल्या नवरीच्या कडेवर पोर यायचं. पिल्लांचे तित्तर व्हायचे. शेटजी पडतच राहायचे, फक्त दर वर्षी थोडे जाड होऊन.

त्या शेटजींचा आणि अप्पांचा संवाद मी स्वतः ऐकला आहे. शेटजी बाजारातून येताना मुद्दाम थांबले, दगडाला वळसा घालून आले आणि कमरेवर हात ठेवून उभे राहिले.

"बसप्पा, शरणार्थ."

"शरणार्थ, शेट."

"आता तरी उठव की रे मला. जावई आलाय घरी. त्याला कुनीतरी दाखवलं हे."

"उठवतो की. पर उठलात तर सायकलीवर बसून निघून जाल. मंग दगडावर काय ठिवू? नुसतं कुत्रं?"

शेटजींनी विचार केला. मग म्हणाले, "बरं, मग टोपी तरी डोक्यावर दे." पुढच्या खेपेला पाहिलं तर टोपी हवेतच होती, पण शेटजींचा एक हात तिच्याकडे गेलेला होता.

अप्पांचा मुकादम धोंडिबा. तो टोमणे मारायचा, "आमचं मैलकुली म्हंजे सरकारी चुन्यात लोकांची लगीनं लावतंय." पण वरचे साहेब तपासणीला आले की हाच धोंडिबा त्यांना दगडाच्या पुढच्या बाजूनेच फिरवायचा.

मी ठरवलं, फिल्म यांच्यावरच करायची. आठ दिवस चाकूरला राहिलो. अप्पा ओसरीवर जागा द्यायचे. त्यांच्या पत्नी महानंदाबाई ज्वारीची भाकरी आणि शेंगदाण्याची चटणी वाढायच्या आणि फारूखच्या कॅमेऱ्याला 'ती पेटी' म्हणायच्या. बाई कमी बोलायच्या. अप्पा मात्र कॅमेरा लावला की जास्तच मोकळे व्हायचे, फक्त मला पाहिजे ते सोडून.

"अप्पा, तुम्ही हे कशासाठी काढता?"

"तुमी कशाला काढताय फोटू?"

"लोकांना दाखवायला."

"मंग लोकांला लोकं दिसत न्हाईत का?"

फारूख कॅमेऱ्यामागे हसला आणि तो शॉट हलला. पुन्हा घ्यायचं म्हटलं तर अप्पांनी अर्ध्यावर आलेलं चित्र सगळं चुन्यानं पुसलं आणि परत पायांपासून सुरुवात केली. मी म्हटलं, नुसता हात पुन्हा फिरवला असता तरी चाललं असतं. ते गंभीरपणे म्हणाले, "फिरवायचा म्हून हात फिरवायचा? मला न्हाई जमत." सिनेमाचं शिक्षण घेतलेल्या मला ते फार आवडलं. वहीत लिहून घेतलं. आता वाटतं, लिहून घेण्यापेक्षा समजून घेतलं असतं तर बरं झालं असतं.

शेवटचा दगड फाट्यावरचा. तिथून एक रस्ता उदगीरकडे, पुढं निजामाबादकडे जातो. त्या दगडावर एक मुलगी होती. परकर-पोलकं घातलेली, दोन वेण्या, हातात पत्र्याची छोटी पेटी. उदगीरच्या रस्त्याकडे वळलेली, पण मान मागे करून बघणारी. दोन डोळे. बाकी चित्रं झपाट्यानं काढलेली दिसायची. हिच्या बोटांची नखंसुद्धा होती. वय सतरा-अठराचं. तोवर अनेक दगड पाहिल्यामुळे मी समजलो की हीही कुणी प्रवासी असेल. फिल्मचा शेवट मला सापडला होता: हे चित्र चुन्याखाली जातंय आणि त्यातून नवं येतंय, सलग, एका जागी कॅमेरा ठेवून.

जुन्या चित्राचे शॉट घेतले. मग फारूखनं डबे तपासले आणि मान हलवली. रीळ संपत आलं होतं. उरलेल्या तुकड्यात पुसणं आणि काढणं बसणार नव्हतं.

मी अप्पांना म्हणालो, "हा दगड असाच ठेवा. मी पुण्याहून रीळ घेऊन पंधरा दिवसांत येतो. मग पुसा."

जेवण घेऊन आलेल्या महानंदाबाई मागून म्हणाल्या, "अवं, न्हाई म्हना की त्यास्नी. याच वरसाला तर…"

"तू गप," अप्पा म्हणाले. मग मला विचारलं, "दिवाळीच्या आत?"

"दिवाळीच्या आत."

"शबूद?"

"शब्द."

"मंग ठिवतो. पाव्हन्याचं काम अडाया नगं."

'याच वरसाला' काय, हे मी विचारलं नाही. मला शॉटची सलगता दिसत होती.

पुण्यात गेलो तर दुसरं काम आलं. दुष्काळ वाढला होता आणि दुष्काळावर फिल्म करायची होती. टँकर, छावण्या, कोरड्या विहिरी. पैसा आणि नाव दोन्ही त्यात होतं. अप्पांची फिल्म थोडी पुढं ढकलली, असं मी स्वतःला सांगितलं. दिवाळी गेली. पुढच्या वर्षी चित्रीकरणासाठी हिमायतनगरला जायचं होतं, लातूरहून एसटीनं. खिडकीशी बसलो होतो. चाकूर मागं पडलं. दुपारची वेळ, लख्ख ऊन. एकामागून एक नुकताच चुना दिलेले पांढरेशुभ्र दगड गेले. आणि मग फाट्यावरचा तो एकच दगड दिसला, मातकट, धुळीनं भरलेला. गाडी फाट्यावर थांबली. दोघे उतरले. मीही उतरू शकलो असतो. मी मान फिरवून पलीकडच्या खिडकीतून बघत बसलो, गाडी हलेपर्यंत.

आणखी एका वर्षानं गेलो ते त्या कामातून मोकळा झाल्यावर. अप्पा रस्त्यावर गेले होते. घरी महानंदाबाई होत्या. त्या पहिल्यांदाच माझ्याशी बसून बोलल्या.

मोठ्या दुष्काळात, म्हणजे बाहत्तरच्या त्या भयंकर दुष्काळात, हाच रस्ता रुंद करायचं दुष्काळी काम निघालं होतं. नवराबायको फाट्यावर खडी फोडायला होती. मुलगी काशी पाच वर्षांची. खायला भरड पिठाची सरकारी सुकडी मिळायची, ती तिला पचेना. अप्पांचे एक चुलतभाऊ निजामाबादकडे होते, त्यांना मूल नव्हतं. ते आले आणि म्हणाले, हिला आमच्याकडं द्या, जगंल तरी. त्याच फाट्यावर तिला गाडीत बसवलं. हातात पेटी दिली. दोन वर्षं पत्रं आली. मग भावानं गाव सोडलं आणि पत्रं थांबली. अप्पा दोनदा जाऊन शोधून आले. पुढं त्यांना मैलकुलीची कायम नोकरी लागली, आणि पहिल्याच वर्षी त्यांनी फाट्यावरच्या दगडामागे काशी काढली. नंतर बाकीचे दगड.

"एक एक वरीस घालत आले तिला," बाई म्हणाल्या. "कुठं जत्रंत, बाजारात गाठ पडली तर वळखू यावी म्हून. आपल्या मनात पाचाचीच राहिली तर समोरनं गेली तरी कळायचं न्हाई."

"आणि त्या वर्षी?"

"त्या वरसाला तिला लुगडं नेसवायचं व्हतं. लग्नाचं वय झालं की. हिरवं पायजे म्हनून कुठनं तरी चमचाभर हिरवा रंग आनून ठिवला व्हता."

मी खाली बघत बसलो.

"तुमी आला न्हाईत. धोंडिबा म्हनला, फास चुना, सायेब इचारतेत. हे म्हनले, शबूद दिलाय. मोठ्या सायबापुढंबी तेच. दोन वरसं त्या दगडाला पाट करून चालले. बघतच नव्हते तिच्याकडं. यंदा मीच म्हनलं, आता बास. तवा पुसला."

"मग काढली?"

"पाय काढले. तिथनं वर हात जाईना. मधली वरसं बघितल्याबिगर म्होरचं कसं काढू, म्हनले. पुसून टाकलं. आता नुसता पांढरा हाय."

इतक्यात अप्पा आले. फावडं भिंतीला लावलं, "शरणार्थ, शरणार्थ," म्हणाले, आणि खरोखर आनंदानं माझा हात धरला. एक शब्द रागाचा नाही. "मी हिला म्हनलोच, काय तरी अडचन आली असंल. त्याबिगर यायचे ऱ्हायचे न्हाईत."

तिथंच बोलायला हवं होतं. मी म्हणालो, "हो अप्पा. आई फार आजारी होती."

माझी आई नांदेडला धडधाकट होती. अप्पांनी लगेच देवापुढची विभूती कागदात बांधून दिली, आईच्या कपाळाला लावायला. आणि मला समजावलं, "चित्राचं मनाला लावून घिऊ नका. माझाच हात म्हातारा झालाय." मी ते ऐकून घेतलं. त्यांनी दोष आपल्या हाताला दिला आणि मी तो तिथंच राहू दिला. ती फिल्म मी कधी पूर्ण केली नाही. पुढची अनेक वर्षं मी दुसऱ्या कलावंतांच्या 'निर्मितिप्रक्रिये'वर भाषणं देत राहिलो.

आता नांदेडला एका महाविद्यालयात शिकवतो. मागच्या वर्षी वर्गात ते जुने शॉट दाखवले. पडद्यावर काशी आली, नखांसकट. एका मुलीनं विचारलं, "सर, ही कोण?" मी प्रोजेक्टर बंद केला आणि तास संपवला. त्या आठवड्यात चाकूरला गेलो.

रस्ता रुंद झाला आहे. जुने दगड गेले, नवे सिमेंटचे आले. महानंदाबाई नाहीत. अप्पा पुतण्याकडे राहतात. ओसरीत बाजेवर बसले होते. पटका तसाच, हाताची बोटं मात्र वाकडी झालेली. दृष्टी शाबूत होती. मला ओळखायला जरा वेळ लागला. मग म्हणाले, "पेटीवाले! आईची तब्येत कशी हाय?"

आई तीन वर्षांपूर्वी गेली, हे सांगितलं. त्यांनी कपाळाला हात लावला. म्हणाले, "लई वरसं ओढली म्हनायची. तवाच आजारी व्हती न्हाई का."

शेटजींचं विचारलं तर हसले. शेवटच्या वर्षी, निवृत्त होताना, त्यांनी शेटजींना उठवून सायकलीवर बसवलं होतं. "म्हनलं, आता दगड रिकामा ऱ्हायला तरी कुनाचं काय बिघडतंय." फाट्यावरचा दगड मात्र शेवटपर्यंत पांढराच राहिला. "काढून बघितली हो चार-दोनदा. पाय यायचे. पर हात बुजला व्हता माझा. त्यालाच दोस."

मी बाजेवरून उठून खाली त्यांच्या समोर बसलो. "अप्पा, तुमच्या हाताचा दोष नव्हता. आई तेव्हा आजारी नव्हती. मी खोटं बोललो. मला अडचण कसलीच नव्हती. मला दुसरं काम मिळालं होतं, मोठं, म्हणून मी आलो नाही. मधे एकदा एसटीनं फाट्यावरून गेलोसुद्धा. गाडी थांबली होती. मी उतरलो नाही."

मी अप्पांच्या चेहऱ्यावर राग शोधत होतो, तो दिसला असता तर मला बरं वाटलं असतं. ते पुढं वाकले.

"कंच्या वरसाला? मधल्या?"

"हो."

"मी त्या वरसाला बघितलंच न्हाई तिकडं. हिनंबी न्हाई. कुनीच न्हाई." त्यांचा आवाज एकदम बारीक, घाईचा झाला. "तुमी गाडीत व्हता. दगड दिसतो तिथनं, गाडी उदगीरच्या अंगाला वळून थांबली की मागची बाजू दिसती. कशी दिसत व्हती ती? उंच झाली व्हती का?"

चित्र तेच होतं, ते कसं वाढेल, असं मी म्हणू शकलो असतो. काहीतरी रचूनही सांगू शकलो असतो. ते त्यांनी मानलं असतं आणि कदाचित त्या वाकड्या बोटांनी काढूनही पाहिलं असतं. पण त्या माणसाशी एकदा खोटं बोलून झालं होतं.

"मी पाहिलं नाही, अप्पा," मी म्हणालो. "दगड दिसला तशी मी मान फिरवली. तुमच्या लेकीकडं मी बघितलं नाही. तिची ती वर्षं माझ्यामुळं गेली. मला माफ करा."